रानकांदा म्हणजे नेमका कोणता? कांद्यासारख्या रानझाडांचं शास्त्रीय नाव शोधायची वाट

गावच्या लोकजैवविविधता नोंदवहीत 'रानकांदा' अशी एक ओळ लिहून मोकळं होता येतं. पंचाईत पुढच्या रकान्यात होते. तिथं शास्त्रीय नाव मागितलेलं असतं, आणि मग कुणीतरी शेजारच्या गावच्या वहीतून नाव उतरवतं, कुणी मोबाईलला विचारतं. वनस्पतिशास्त्रात पदवी घेऊन गावी परतले तेव्हा आमच्या ग्रामपंचायतीच्या जैवविविधता समितीनं ही वही माझ्या हातात दिली. धुऱ्यावर, बरडावर, ई-क्लासच्या (सरकारी गायरानाच्या) पडीत, नाल्याकाठी, हरभऱ्याच्या वावरात, जिथं म्हणून कांद्यासारखी पात दिसली त्या सगळ्याला लोक रानकांदाच म्हणत होते. त्यात लव्हाळाही होता, मुसळीही होती, आणि ज्यात कांदाच नाही असं एक तणसुद्धा होतं.

तुम्ही शिक्षक असा, कृषिमित्र असा, बीएस्सीच्या प्रकल्पासाठी हिंडणारे असा की स्वतःच्याच वावरातल्या तणाला वैतागलेले शेतकरी, पुढचा क्रम पाळा. नाव सगळ्यात शेवटी येतं. आधी नाव ठरवून मग झाड त्यात बसवायला गेलात की घोळ झालाच म्हणून समजा.

निघण्याआधी

सोबत घ्यायचं सामान:

- सब्बल किंवा टिकास, आणि विळा
- रबरी हातमोजे
- दहापट मोठं दाखवणारं भिंग
- नवं दाढीचं पातं
- सहा इंची पट्टी
- जुनी वर्तमानपत्रं. गुळगुळीत रंगीत पुरवण्या नकोत, त्या पाणी शोषत नाहीत
- प्लायवूडच्या दोन फळ्या आणि सुती दोरी
- पेन्सिल आणि वही; पेनाची शाई पावसात फुटते
- स्थान दाखवणारा मोबाईल

परवानगीच्या कागदांचं म्हणाल तर स्वतःच्या वावरासाठी काही लागत नाही. दुसऱ्याच्या वावरात मालकाला विचारून जा. ई-क्लासवर आणि गावाच्या सामूहिक वनहक्काच्या जमिनीवर ग्रामपंचायतीच्या, ग्रामसभेच्या कानावर घाला. सातबाऱ्यावर 'झुडपी जंगल' लिहिलेलं असेल तर ते गावठाणाशेजारी आहे म्हणून आपलं समजू नका, वनखात्याला विचारा. राखीव जंगलात लेखी परवानगीशिवाय सब्बल लावू नये. मेळघाट, ताडोबा, पेंच, नवेगाव-नागझिरा, बोर या व्याघ्र प्रकल्पांच्या हद्दीत तर फुलाची दांडीही तोडू नका. फोटो काढा आणि पुढं चला.

आणखी एक गोष्ट इथंच सांगते, कारण ती खाली कुठं ठेवली तर वाचायची राहून जाईल. चव घेऊन ओळखू नका. खऱ्या रानकांद्यात हृदयाच्या ठोक्यावर थेट परिणाम करणारी द्रव्यं असतात. कळलावीचा गड्डा त्याहून वाईट, त्यातल्या कोल्चिसिननं जीव गेल्याची उदाहरणं आहेत. चाखल्यावर शास्त्रीय नाव काही कळत नाही. कुणी खाल्लंच तर घरगुती उपायात वेळ न घालवता दवाखाना गाठा आणि झाडाचा तुकडा सोबत न्या. आमच्याकडं एका आजीनं मला उकरताना पाहून आधीच बजावलं होतं, "हा कांदा खायाचा नोहे, बाई. ढोरं बी तोंड लावत नाई." पुस्तकाआधी अशा माणसांना विचारत जा.

1. हंगाम बघून निघा

नवख्याची पहिली अडचण इथंच होते. खरा रानकांदा, म्हणजे कोळकांदा, उन्हाळ्यात फुलतो आणि पावसाळ्यात पानं काढतो. मार्च ते मेच्या दरम्यान, बाकी बरड करपलेलं असताना, जमिनीतून नुसती एक दांडी वर येते. पान एकही नसतं. दांडीवर विरळ अंतरानं मळकट, हिरवट-तपकिरी फुलं लोंबतात. ती फार टिकत नाहीत. मृग लागला की त्याच कांद्यातून चपटी पानं येतात, तेव्हा दांडी कुठल्या कुठं वाळून गेलेली असते. म्हणजे एका खेपेत हे झाड पूर्ण दिसतच नाही.

उपाय दोन. एक म्हणजे उन्हाळ्यात दांडी दिसली त्या जागी क्रमांक घातलेली खुंटी ठोका, मोबाईलवर स्थान टिपा आणि ऑगस्टात पुन्हा जा. नुसत्या खुंटीवर भिस्त ठेवू नका. गुरं पाडतात, सरपणात जाते, उन्हाळवाहीत उखडते. धुऱ्यावरचा एखादा न हलणारा दगड किंवा पळस धरून पावलं मोजा आणि वहीत लिहा. दुसरा उपाय मला जास्त पटतो. एक कांदा घरी आणून कुंडीत लावा आणि कुंडीवर क्रमांक रंगवा. तीच दांडी, तीच पानं, एकाच जागी बसून पाहता येतात. कुंडी लेकराबाळांच्या आणि शेळीच्या वाटेत ठेवू नका, एवढंच.

बाकीच्यांचे हंगाम सोपे आहेत. ठिपकेवाली लेडेबुरिया, म्हणजे पानांवर ठिपके असलेला छोटा रानटी कांदा, पहिल्या पावसाच्या आगेमागे पानं-फुलं बरोबरच दाखवते. सुदर्शनाची मोठी पांढरी फुलं साधारण त्याच सुमारास नाल्याकाठी दिसतात. मुसळी पावसात, प्याजी हे हरभरा-गव्हातलं तण रब्बीत. लव्हाळ्याला हंगाम विचारू नका, ओल मिळाली की तो हजर.

2. उपटू नका, उकरा

पात धरून ओढली की पात हातात येते आणि जे पाहायचं ते जमिनीत राहतं. काळ्या मातीत तर नक्कीच. झाडापासून वीतभर लांब सब्बल लावा, चारी बाजूंनी माती सैल करा आणि ढेकूळच बाहेर काढा. ढेकूळ पाण्यात भिजवून माती उतरवा. घासू नका, वरची पापुद्र्यासारखी साल ओळखीच्या कामी येते.

आता हातमोजे घालून ते मधोमध उभं कापा. बरंचसं कोडं इथंच सुटतं.

एकावर एक पाकळ्या आणि बुडाशी चपटी चकती दिसली तर तो खरा कांदा. कोळकांदा, लेडेबुरिया आणि सुदर्शन यांत हेच दिसेल. आतून सलग, भरीव निघालं तर तो कांदा नव्हे, गड्डा किंवा घनकंद आहे. मुळांनाच बोटाएवढे जाड भाग आले असतील, तर मुसळी. बारीक काळपट गाठी दोऱ्यासारख्या धाग्यानं एकमेकींना जोडलेल्या आणि फोडल्यावर सुगंधी असतील, तर लव्हाळा. आणि खाली काहीच नसेल, नुसतीच तंतुमुळं असतील, तर रब्बीतली प्याजी.

हातमोज्यांचा आग्रह उगाच नाही. कोळकांद्याच्या रसात कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे स्फटिक असतात, त्यानं हाताला खाज सुटते. तोच हात डोळ्याला लागला की मग बघायला नको.

3. वास, काडी, पान

पात चुरगळून वास घ्या. कांदा-लसणाचा वास कांद्याच्या ॲलियम या प्रजातीची (जवळच्या जातींच्या गटाची, इंग्रजीत जीनस) खूण आहे. भारतात रानटी ॲलियम मुख्यतः हिमालयाच्या बाजूला. विदर्भातल्या मैदानात पातीला कांद्याचा वास आला तर मागच्या हंगामाचा राहिलेला घरचा कांदा किंवा लसूणच असण्याची शक्यता जास्त. वास आलाच नाही, तर दिसायला कितीही कांदा असला तरी ॲलियम डोक्यातून काढून टाका.

मग दांडी अंगठा आणि बोटात धरून फिरवा. तिचे तीन कोपरे बोटाला लागले तर तो मोथावर्गी, म्हणजे लव्हाळा किंवा त्याचा भाऊबंद. हे शेतकऱ्याच्या खिशाशी जोडलेलं आहे. सोयाबीनमध्ये नुसतं गवतवर्गी तण मारणारं औषध फवारून 'लव्हाळा मेला नाही' अशी तक्रार दर पावसाळ्यात ऐकू येते. लव्हाळा गवत नाहीच, म्हणून त्या औषधाला तो दाद देत नाही. डवऱ्यानं गाठींची माळ तुटली तर प्रत्येक तुकडा नवीन झाड होतो. कुंदा आणि हरळी ही गवतं, लव्हाळा वेगळा. एवढा फरक कळला तरी औषधाच्या डब्याचे पैसे वाचतील.

पानात पाहायच्या गोष्टी थोड्या. प्याजीचं पान गोल आणि पोकळ, कांद्याच्या पातीसारखंच, म्हणून तर ती फसवते. कोळकांद्याचं पान चपटं आणि लांब. लेडेबुरियाच्या पानावर जांभळट ठिपके असतात आणि पान जमिनीलगत पसरतं. ठिपके कधी गडद, कधी इतके फिके की उन्हात धरून पाहावं लागतं. कळलावीच्या पानाचं टोक वेटोळं होऊन शेजारच्या काटेरीला धरतं. हे दिसलं की हात मागं घ्या.

4. फूल उभं कापा

पातं नवंच हवं, बोथट पात्यानं फूल चेंदतं. दांडीवरचं उमललेलं एक फूल घ्या आणि देठापासून टोकापर्यंत मधून कापा. सहा पाकळ्यांसारखे भाग आणि सहा पुंकेसर इथल्या बऱ्याच झाडांत सारखेच असतात, त्यात वेळ घालवू नका. पाहायचं ते अंडाशय. पाकळ्या जिथून फुटतात त्याच्या वर ते आहे की खाली?

वांगं आणि पेरू आठवा. वांग्याची टोपी देठाकडं असते, कारण अंडाशय पाकळ्यांच्या वर होतं. पेरूची टोपी दुसऱ्या टोकाला असते, कारण ते खाली होतं. कोळकांदा, लेडेबुरिया, प्याजी, मुसळी ही सगळी वांग्याच्या बाजूची. सुदर्शन पेरूच्या बाजूचा. त्याच्या फुलाच्या लांब नळीखाली हिरवा फुगीर भाग दिसतो, तेच अंडाशय.

कोळकांद्याची आणखी एक खूण भिंगाखाली बघा. दांडीवर फुलाच्या देठाशी जे इवलंसं पानासारखं सहपत्र असतं, त्यातल्या खालच्या सहपत्रांना मागच्या बाजूनं बारीक शेपटीसारखा काटा निघालेला असतो. ही सहपत्रं लवकर गळतात, म्हणून सगळी फुलं उमललेली जुनी दांडी बघून उपयोग नाही. टोकाला कळ्या असलेली कोवळी दांडी घ्या. भिंग डोळ्याला चिकटवा आणि दांडी भिंगाजवळ आणा. नवखे भिंग झाडाजवळ नेतात आणि काही दिसत नाही म्हणतात.

5. आता संशयित ठरवा

- कोळकांदा: मुठीएवढा पांढुरका कांदा, उन्हाळ्यात बिनपानांची दांडी, बी चपटं आणि काळं. नाव ड्रिमिया इंडिका.
- ठिपकेवाला छोटा कांदा: लेडेबुरिया रेव्होल्युटा. फुलं लहान, हिरवट-जांभळी, घंटेसारखी. गवताळ बरडावर.
- सुदर्शन: क्रायनम लॅटिफोलियम. रुंद पानं, मोठं पांढरं फूल, पाकळीच्या मधोमध गुलाबी-लालसर पट्टा. बागेत लावलेला क्रायनम एशियाटिकम वेगळा, त्याच्या पाकळ्या अरुंद आणि पट्ट्याशिवाय असतात.
- प्याजी: ॲस्फोडेलस टेन्युइफोलियस. हरभरा-गव्हातलं एकवर्षायू तण. पांढऱ्या पाकळीवर मधोमध तपकिरी रेघ.
- लव्हाळा, नागरमोथा: सायपेरस रोटंडस.
- मुसळी: क्लोरोफायटम. यातल्या जाती वेगळ्या करायला फूल, फळ आणि मुळं तिन्ही लागतात. घाई करू नका.

ही यादी पुरी नाही आणि हिच्यावरून शेवटचं नाव लिहूही नका. कुठल्या दिशेनं जायचं तेवढं यावरून कळतं. फोटो बघून नाव सांगणाऱ्या ॲपचंही तेच. नुसत्या पातीचा फोटो दिला तर ती बागेतली लिली पुढं करतात किंवा भूमध्य समुद्राकाठचा ड्रिमिया मारिटिमा सुचवतात. तो आपल्या कोळकांद्याचा चुलतभाऊ, पण आपल्या बरडावर तो नाही. ॲपनं सांगितलेली प्रजाती फार तर पेन्सिलीनं टिपून ठेवा.

6. नमुना दाबा

फोटो कितीही चांगला असला तरी नावाचा पुरावा म्हणून वाळवलेला नमुनाच चालतो. कोळकांदा मात्र दाबायला महाकठीण. सगळा जीव त्या कांद्यात असतो. कागदात दाबून ठेवला तरी तो मरत नाही, उलट आतल्या आत कोंब काढतो आणि शेजारची पानं कुजवतो. म्हणून कांदा उभा कापून अर्धाच घ्या, आतल्या जाड पाकळ्या थोड्या कोरून काढा आणि तो काही मिनिटं उकळत्या पाण्यात धरा. मग टिपून कागदात ठेवा. यासाठी स्वयंपाकाचं पातेलं वापरू नका.

पहिल्या आठवड्यात कागद रोज बदला, पावसाळ्यात दिवसातून दोनदा. हवा दमट असेल तर कोरड्या कागदाच्या चळतीवरून कोमट इस्त्री फिरवली तरी चालतं. जुन्या पुस्तकांत नमुन्याला मर्क्युरिक क्लोराइड लावायला सांगितलेलं असतं. घरी अजिबात लावू नका, ते जहाल विष आहे. नमुना पक्का वाळवून, हवाबंद पिशवीत काही दिवस फ्रीजरमध्ये ठेवला तरी किडे मरतात.

वाळलेला नमुना साधारण 42 × 28 सेंमीच्या जाड कागदावर शिवा किंवा पट्ट्यांनी चिकटवा. फुलाची दांडी आणि पानं वेगवेगळ्या हंगामांत घेतली असतील तर दोन्ही कागदांवर तोच झाडक्रमांक आणि वेगवेगळ्या तारखा टाका. लेबलवर गाव, तालुका, जिल्हा, अक्षांश-रेखांश, माती, आजूबाजूची झाडं, फुलाचा ताजा रंग, स्थानिक नाव आणि गोळा करणाऱ्याचं नाव लिहा. ताजा रंग विसरू नका, वाळल्यावर सगळी फुलं चहाच्या रंगाची होतात. स्थानिक नाव गावात ज्या उच्चारानं म्हणतात तसंच लिहा. मेळघाटात कोरकू, गडचिरोलीत माडिया, गोंडी नाव मिळालं तर ते मराठी नावाशेजारी स्वतंत्र लिहा, त्याचं मराठी करू नका.

7. कूळ शोधताना जुनं-नवं सांभाळा

कॉलेजात जे वर्गीकरण बहुतेकांनी शिकलंय ते बेंथम आणि हूकर यांचं, 1862 ते 1883 या काळातलं. त्यात हिशेब सोपा होता. अंडाशय वर असेल तर लिलिएसी, खाली असेल तर अमॅरिलिडेसी. डीएनएच्या अभ्यासानंतर हे घर मोडलं. 1998 पासून आलेल्या एपीजी या फुलझाडांची कुळं नव्यानं लावणाऱ्या पद्धतीत आणि तिच्या 2009 व 2016 च्या आवृत्त्यांत लिलिएसीतली बरीच मंडळी इकडंतिकडं गेली. कोळकांदा, लेडेबुरिया आणि मुसळी आता शतावरीच्या ॲस्परॅगेसी कुळात आहेत. प्याजी ॲस्फोडेलेसीत, कळलावी कोल्चिकेसीत. आणि आपला भाजीतला कांदा, अंडाशय वर असूनही, सुदर्शनासोबत अमॅरिलिडेसीत बसलाय.

नवख्यानं यात गुंतून पडू नये असं माझं मत आहे. जिल्ह्याच्या जुन्या वनस्पती-ग्रंथात शोधताना लिलिएसी हेच पान उघडा आणि नोंदवहीत लिहिताना नवं कूळ लिहा.

ग्रंथांबद्दल आपल्या भागापुरतं एक सांगून ठेवते. महाराष्ट्रातले बरेच लोक टी. कुक यांच्या मुंबई इलाख्याच्या वनस्पती-ग्रंथाकडं (1901 ते 1908) धावतात. पण तेव्हा वऱ्हाड आणि नागपूरकडचा मुलूख मुंबई इलाख्यात नव्हताच, आपण 1956 साली मुंबई राज्यात आलो. त्यामुळं कुकमध्ये आपल्या गावांचा पत्ता लागत नाही म्हणून 'हे झाड विदर्भात नाही' असा निष्कर्ष काढू नका. भारतीय वनस्पति सर्वेक्षण संस्थेनं 1996 साली काढलेला महाराष्ट्राच्या एकदलिकितांचा (गवत, कांदा, लिली अशा बियांत एकच दल असलेल्या झाडांचा) खंड घ्या. त्याच संस्थेचे अकोला (1988) आणि यवतमाळ (1993) जिल्ह्यांचे ग्रंथ आहेत, नागपूर जिल्ह्याचाही 1986 चा ग्रंथ आहे. कॉलेजच्या ग्रंथालयात विचारा.

8. नाव पक्कं करा, कर्त्यासकट

ग्रंथातल्या ओळख-चावीनं, म्हणजे लक्षणांवरून एकेक पर्याय गाळत नेणाऱ्या यादीनं, नाव आलं की त्याचा इतिहास तपासायचा. कोळकांद्याचाच घ्या. वनस्पतिशास्त्रज्ञ विल्यम रॉक्सबर्ग यांनी त्याला सिला इंडिका म्हटलं. ते नाव ज्या 'फ्लोरा इंडिका'त 1832 साली छापलं गेलं, तो ग्रंथ रॉक्सबर्ग वारल्यानंतर विल्यम केरी यांनी सेरामपूरला छापून काढला. हे तेच केरी, ज्यांनी 1805 साली मराठीचं व्याकरण छापलं. पुढं 1843 मध्ये कुंथ यांनी झाड अर्जिनिया प्रजातीत नेलं आणि 1977 मध्ये जेसप यांनी ड्रिमियात. म्हणून आजचं पूर्ण नाव ड्रिमिया इंडिका (रॉक्सब.) जेसप. कंसातला माणूस ज्यानं मूळ नाव दिलं तो, कंसाबाहेरचा ज्यानं आजच्या प्रजातीत आणलं तो. आयुर्वेदाच्या आणि औषधांच्या पुस्तकांत अजून अर्जिनिया इंडिका दिसेल. झाड तेच आहे.

आता खरी मेख. बेकर यांनीही सिला इंडिका हे नाव वापरलंय, पण ते ठिपकेवाल्या लेडेबुरियासाठी. हूकर यांच्या ब्रिटिश हिंदुस्थानच्या वनस्पती-ग्रंथात ते त्याच अर्थानं आहे. म्हणजे दोन जुन्या पुस्तकांत 'सिला इंडिका' वाचलं तर एकात मुठीएवढा विषारी कोळकांदा आणि दुसऱ्यात गवतातला इवलासा कांदा. नाव अक्षरशः एकच, झाडं दोन. कर्त्याचं नाव लिहिलं नसेल तर कोणतं झाड ते कळायला मार्ग नाही. नोंदवहीतून कर्त्याचं नाव 'फालतू लांबण' म्हणून उडवणाऱ्यांना हे उदाहरण दाखवा.

लेडेबुरियाची गोष्ट दुसरा नियम शिकवते. भारतातल्या झाडाला रॉथ यांनी 1821 मध्ये लेडेबुरिया हायसिंथिना नाव दिलं. आफ्रिकेतल्या झाडाला, दोन शब्दी नावांची रीत घालणाऱ्या लिनियसच्या मुलानं 1782 मध्येच हायसिंथस रेव्होल्युटस म्हटलं होतं. पुढं दोन्ही एकच धरली गेली, तेव्हा आधीचं नाव टिकलं, कारण ज्याचं नाव आधी छापलं त्याचा हक्क आधी. जेसप यांनी 1970 मध्ये ते लेडेबुरियात आणलं तेव्हा रेव्होल्युटसचं रेव्होल्युटा झालं. लॅटिनमध्ये प्रजातीचं लिंग बदललं की पुढच्या विशेषणाचा शेवटही बदलतो. म्हणून ॲलियम सॅटायव्हम, ॲस्फोडेलस टेन्युइफोलियस, ड्रिमिया इंडिका. विशेषणाचा शेवट जुळत नसेल तर नाव कुठूनतरी चुकीचं उतरवलंय का ते तपासा.

या हक्काची मोजणी 1 मे 1753 पासून सुरू होते, लिनियसच्या 'स्पीशीज प्लांटारम'पासून. कांदा, लसूण, लव्हाळा, कळलावी आणि आपला पट्टेवाला सुदर्शन, पाचांचीही नावं त्याच ग्रंथातली.

तपासायला इंटरनेटवर दोन जागा पुरतात. आयपीएनआय नावाची सूची नाव कुणी, कधी, कुठं छापलं ते सांगते, पण ते आज मान्य आहे की नाही हे सांगत नाही. लंडनच्या क्यू उद्यानाची 'प्लांट्स ऑफ द वर्ल्ड ऑनलाइन' मान्य नाव आणि पर्यायी नावं दाखवते. पहिलीतलं नाव सापडलं म्हणून ते मान्य धरणं हा फार वेळा दिसणारा घोळ आहे. दोन्ही उघडून बघा.

9. नाव लिहिण्याची रीत

या लेखात मी नावं देवनागरीत दिली आहेत, ती वाचण्यापुरती. लेबलवर आणि वहीत रोमन लिपीतच लिहा. पहिल्या शब्दाचं आद्याक्षर मोठं, दुसरा शब्द सगळा लहान अक्षरांत, गावाच्या किंवा माणसाच्या नावावरून आला असला तरी. सफेद मुसळीच्या नावातला बोरिव्हिलियानम हा शब्द बोरिवलीवरून आलाय, तोही लहान अक्षरांतच. हातानं लिहिताना दोन्ही शब्दांखाली वेगवेगळी रेघ ओढा, सलग नको. छापताना तिरपा ठसा. कर्त्याचं नाव सरळ ठशात आणि रेघेशिवाय.

जातीची खात्री नसेल तर प्रजातीपुढं 'एसपी.' (sp.) लिहा. एखाद्या जातीशी जुळतंय पण मन घेत नाही, तर मध्ये 'सीएफ.' (cf.) घाला. असं लिहिलेली वही कुणी कमी लेखत नाही. चाळीस झाडांपुढं चाळीस पूर्ण नावं असलेली वही मात्र मी दोनदा तपासते.

10. कुणाला दाखवायचं आणि वहीत काय घालायचं

जवळच्या महाविद्यालयाचा वनस्पतिशास्त्र विभाग पहिला. तणाचा प्रश्न असेल तर कृषी विज्ञान केंद्र किंवा अकोल्याचं डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठ. त्यांना शास्त्रीय नावाइतकाच तणाचा बंदोबस्तही सांगता येतो. अडलेल्या नमुन्यासाठी भारतीय वनस्पति सर्वेक्षण संस्थेचं पश्चिम विभागीय केंद्र पुण्यात आहे. आधी पत्र किंवा मेल करून विचारा, मग नमुना पाठवा. ओला कांदा टपालानं पाठवू नका, पोचेपर्यंत त्याचा चिखल होतो. वाळलेल्या कागदाची एक प्रत स्वतःकडं ठेवा. नोंदवहीच्या नमुन्याबद्दल शंका असेल तर महाराष्ट्र राज्य जैवविविधता मंडळाचं कार्यालय आपल्या नागपूरलाच आहे.

वहीत शास्त्रीय नावाच्या रकान्यात मान्य नाव कर्त्यासकट लिहा आणि शेऱ्यात जुनी नावं, नमुन्याचा क्रमांक, नाव कुणी तपासलं आणि कोणत्या तारखेला, हे टाका. उद्या कुणी कोळकांद्याला तिसऱ्याच प्रजातीत नेलं तरी नमुन्याचा क्रमांक तोच राहतो, फक्त नाव दुरुस्त करावं लागतं. कोळकांदा आणि कळलावीच्या ओळीत 'विषारी' हा शब्द लाल शाईनं लिहा. आणि 'रानकांदा' या एकाच स्थानिक नावापुढं तीन वेगळी झाडं निघाली, तर तीन वेगळ्या ओळी करा. वहीत पानं कमी पडली तर ग्रामपंचायतीकडून पुरवणी घ्या, पण ओळी एकत्र करू नका.